हसायचं कोणाला आणि कोणाबरोबर?



या पुस्तिकेत दरवर्षी अध्यक्षांचं मनोगत असतं, जमाखर्च असतो, जाहिराती असतात आणि मधल्या पानांवर मुलांची चित्रं. यंदा त्यात माझ्या लेखाची भर पडली आहे, आणि त्याला कारण झाला कमिटीच्या मीटिंगमधला एक वाद.

झालं असं, की यंदाचा निधी महाराष्ट्रातल्या अंध आणि कर्णबधिर मुलांच्या एका निवासी शाळेला द्यायचं ठरलं. आता कार्यक्रम काय ठेवायचा? गाण्यांचा कार्यक्रम मागच्या दोन्ही वर्षी झाला होता. कोणीतरी म्हणालं, "हिंदी पिक्चर दाखवू या की! 'प्यारे मोहन' लावा. एक मित्र आंधळा, एक बहिरा. विषयही जुळतो आणि लोक हसतीलही." त्यावर आमच्या एका ज्येष्ठ काकू फणकारल्या, "अहो, ज्या मुलांसाठी पैसे गोळा करायचे, त्यांच्यावरच हसायचं? पाप लागेल!"

खोलीत एकदम शांतता. आणि मग सगळ्यांच्या नजरा माझ्याकडे वळल्या. कारण माझा धाकटा भाऊ कर्णबधिर आहे, हे मंडळात सगळ्यांना माहीत आहे. "ताई, तुम्हीच सांगा. चालेल का?"

मला पटकन उत्तर देता आलं नाही. घरी आल्यावर खूप विचार केला, ते जुने पिक्चर पुन्हा लावून पाहिले, थोडं वाचन केलं आणि भावालाही विचारलं. त्यातून जे हाती लागलं ते इथे मांडते आहे.

ही जोडी आली कुठून?

आंधळा आणि बहिरा, किंवा आंधळा आणि लंगडा, अशी मित्रांची जोडी ही काही हिंदी सिनेमावाल्यांची युक्ती नव्हे. आपल्याकडे 'अंध-पंगु न्याय' फार जुना आहे. दोघे रानात अडकतात. आंधळा पांगळ्याला खांद्यावर घेतो, पांगळा वाट सांगतो आणि दोघेही बाहेर पडतात. प्रकृती आणि पुरुष यांचं नातं समजावून सांगायला ईश्वरकृष्णाच्या सांख्यकारिकेत हाच दाखला दिलेला आहे. म्हणजे एवढं मोठं तत्त्वज्ञान सांगताना आपल्या पूर्वजांना ही जोडी आठवली, आणि तीही कीव करायला नाही. एकाकडे जे नाही ते दुसऱ्याकडे आहे, आणि दोघं मिळून काम होतं, एवढाच त्यातला मुद्दा.

हिंदी पडद्यावर ही जोडी गाजवली ती 1964 च्या 'दोस्ती'ने. सत्येन बोस यांचं दिग्दर्शन आणि राजश्रीची निर्मिती. पायाने अधू असलेला रामू माउथ ऑर्गन वाजवतो आणि अंध मोहन गातो. लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांना पहिलं फिल्मफेअर मिळालं ते याच सिनेमासाठी. पण 'दोस्ती' हा रडवणारा पिक्चर. माझ्या आईच्या पिढीने तो पदर डोळ्याला लावून पाहिला.

हसवणारी जोडी आली ती बऱ्याच अंशी हॉलिवूडहून. 1989 साली 'सी नो ईव्हिल, हिअर नो ईव्हिल' आला. त्यात रिचर्ड प्रायर अंध आणि जीन वाइल्डर बहिरा. दोघांच्या समोर खून होतो. एकाला गोळीचा आवाज ऐकू येतो पण दिसत काही नाही, दुसऱ्याला ओझरतं दिसतं पण ऐकू काही येत नाही. त्यामुळे पोलिसांना धड साक्षीदार मिळत नाही आणि संशय मात्र या दोघांवरच! बारमधल्या मारामारीत बहिरा मित्र घड्याळाच्या काट्यांच्या भाषेत दिशा सांगतो आणि आंधळा मित्र नेमका त्या दिशेला ठोसा मारतो. अंध-पंगु न्यायच, फक्त रानाऐवजी बार!

आपल्याकडे 1993 मध्ये कादर खान आणि अनुपम खेर यांचा 'हम हैं कमाल के' याच वाटेने गेला. मग 2006 साल उजाडलं आणि रांगच लागली. एप्रिलमध्ये इंद्र कुमार यांचा 'प्यारे मोहन' आला. त्यात फरदीन खान अंध आणि विवेक ओबेरॉय बहिरा. दोघे स्टंटमन असतात. अपघातात एकाची नजर जाते, दुसऱ्याचे कान जातात, दोस्ती मात्र शाबूत राहते. पुढे प्रेम, बँकॉक आणि गुंड, हे ओघाने आलंच. मे महिन्यात दीपक तिजोरी यांचा 'टॉम, डिक अँड हॅरी' आला. त्यात डिनो मोरिया बहिरा, अनुज साहनी अंध आणि जिमी शेरगिल मुका. आणि जुलैत 'गोलमाल' आला. त्यातल्या चौकडीतला तुषार कपूर मुका, आणि चौघं मिळून ज्यांना फसवतात ते आजी-आजोबा अंध. एका वर्षात तीन!

पण मंडळी, आपण मराठी माणसं यात मागे नव्हतो बरं का. देवेंद्र पेम यांचं 'ऑल द बेस्ट' आठवतंय? एक आंधळा, एक बहिरा, एक मुका, तिघे जिवाभावाचे मित्र आणि तिघांचं एकाच मुलीवर प्रेम. आधी एकांकिका, मग 1990 च्या दशकात व्यावसायिक रंगभूमीवर हाउसफुल्ल. भरत जाधव, अंकुश चौधरी आणि संजय नार्वेकर ही नावं घराघरांत पोचली ती याच नाटकामुळे. सांगलीला आम्ही सगळ्यांनी ते मिळून पाहिलं होतं. भाऊही होता बरोबर. त्याबद्दल पुढे सांगते.

हसू नेमकं कशावर येतं?

हे सगळे पिक्चर पुन्हा पाहताना मी एक गोष्ट केली. मला हसू आलं की लगेच स्वतःला विचारायचं, आत्ता मी नक्की कशावर हसले? त्यातून तीन प्रकार निघाले.

पहिला प्रकार म्हणजे नुसत्या उणिवेवर हसणं. आंधळा खांबावर आपटला, हसा. बहिऱ्याने भलतंच उत्तर दिलं, हसा. मुका हातवारे करून घामाघूम झाला, हसा. इथे तो माणूस म्हणजे केळ्याच्या सालीवरून घसरणारा कोणीतरी, याच्या पलीकडे काही नसतो. खरं सांगते, या सगळ्या सिनेमांत हा प्रकार भरपूर आहे.

दुसरा प्रकार म्हणजे धडधाकट माणसांच्या गोंधळावर हसणं. समोरचा अंध आहे हे कळल्यावर लोक उगाच मोठ्याने बोलू लागतात, जणू त्याला ऐकूच येत नाही! किंवा त्याला काय हवं ते त्याच्या बायकोला विचारतात. 1989 च्या त्या सिनेमात पोलिसांची जी तारांबळ उडते ती याच जातीची. हसं होतं ते आपलं, त्यांचं नव्हे.

तिसरा प्रकार म्हणजे त्या माणसाच्या आयुष्यातूनच उगवलेला विनोद. गुलजार यांचा 1972 चा 'कोशिश' आठवा. संजीव कुमार आणि जया भादुरी हे मूकबधिर जोडपं. त्यांना बाळ होतं. बाळाला ऐकू येतं की नाही हे बघायला ते त्याच्या कानाशी खुळखुळा वाजवतात, आणि बाळ ढिम्म. दोघांच्या पोटात गोळा येतो. धावत डॉक्टरकडे. आणि मग उलगडा होतो, की खुळखुळाच बिघडलेला, त्यातून आवाजच येत नाही. आणि हे आईबापांना कळणार तरी कसं? आपण हसतो, पण डोळ्यांत पाणी ठेवून. हा विनोद ऐकू येणाऱ्या आईबापांवर होऊच शकला नसता.

हा फरक काही मी एकटीनेच शोधलेला नाही. 2023 मध्ये 'आंख मिचोली' नावाचा हिंदी विनोदी सिनेमा आला होता. त्यात वेगवेगळी व्यंगं असलेलं एक अख्खं कुटुंब आहे. त्यातल्या चित्रणाविरुद्ध स्वतः व्हीलचेअर वापरणाऱ्या एका कार्यकर्त्याने दाद मागितली आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. 8 जुलै 2024 ला तेव्हाचे सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांच्या खंडपीठाने निकाल दिला. न्यायालयाने सिनेमावर बंदी घातली नाही, पण 'डिसॅबिलिटी ह्यूमर' आणि 'डिसेबलिंग ह्यूमर' असे दोन वेगळे प्रकार सांगितले. पहिला अपंगत्वाकडे बघण्याची आपली सवय मोडतो, त्या आयुष्याबद्दल काहीतरी समजावून सांगतो. दुसरा त्या माणसाला कमी लेखतो, म्हणजे आधीच अडलेल्याला आणखी अडवतो. आणि अशा माणसांचं चित्रण करताना त्यांनाही सामील करून घ्या, असंही न्यायालयाने सुचवलं.

तेव्हा काकू, तुमचं म्हणणं अर्धं बरोबर आहे. पाप हसण्यात नाही. कुठल्या हसण्यात आहे, ते बघावं लागतं.

सिनेमा काय चुकीचं शिकवतो?

दुसरा मुद्दा माहितीचा. हे पिक्चर बघून आपल्या मनात काही चुकीच्या समजुती पक्क्या बसतात, त्या इथेच दूर केलेल्या बऱ्या.

एक. सिनेमातला बहिरा माणूस ओठ बघून अख्खी वाक्यं धडाधड वाचतो. प्रत्यक्षात ओठांवर भाषेचा थोडाच भाग दिसतो. आरशासमोर उभं राहून आवाज न काढता म्हणून बघा: पार, बार, मार. तिन्ही वेळा ओठ सारखेच हलतात! क, ग यांसारखी अक्षरं तर घशाजवळ तयार होतात, ती ओठांवर दिसतच नाहीत. बाकी सगळं अंदाजाने जुळवावं लागतं. त्यात समोरच्याला मिशा असतील, तो पाठमोरा असेल किंवा खोलीत अंधार असेल, तर संपलंच. माझा भाऊ दिवसभर असं जुळवत असतो. संध्याकाळी तो दमून गप्प बसला की नातेवाईक म्हणतात, "घुमाच आहे जरा."

दोन. सिनेमातले हातवारे म्हणजे लहान मुलांचा ओळखा-पाहूचा खेळ. खरी खुणांची भाषा ही पूर्ण भाषा असते. तिला स्वतःचं व्याकरण असतं, आणि ती देशागणिक वेगळी असते. भारतात भारतीय सांकेतिक भाषा आहे, तिच्यासाठी 2015 मध्ये दिल्लीत केंद्र सरकारची स्वतंत्र संस्था उभी राहिली. इथे ब्रिटनमध्ये बीएसएल आहे, तिला 2022 च्या कायद्याने मान्यता मिळाली. गंमत म्हणजे दोन्हीकडे अक्षरं दोन हातांनी दाखवतात, अमेरिकेत एका हाताने.

तीन. 'मुका-बहिरा' हे एकच व्यंग नव्हे. जन्मापासून ऐकू न आलेल्या माणसाचा आवाज शाबूत असतो, पण भाषा कानावरच न पडल्यामुळे बोलणं शिकायला फार कष्ट पडतात. माझ्या भावाला सहाव्या वर्षी मेंदूज्वर झाला आणि ऐकू येणं गेलं. तोवर बोलणं आलं होतं, म्हणून तो बोलतो. त्यामुळे लोकांना वाटतं, की त्याला थोडंफार ऐकू येत असणार!

चार. सिनेमात हे सगळे बहुतेक वेळा देखणे, डोळस, कानांनी ठणठणीत नट असतात. अपवाद पूर्वीही होते. आपल्या सई परांजपे यांनी 1980 च्या 'स्पर्श'मध्ये दिल्लीच्या अंधशाळेतली खरी मुलं घेतली. नसीरुद्दीन शाह त्यात अंध मुख्याध्यापक आहेत, आणि 'बेचारे' या शब्दाला त्यांचा सक्त विरोध आहे. मदत चालेल, दया चालणार नाही, एवढं एक वाक्य तो सिनेमा मनावर कोरतो. अलीकडे 2025 मध्ये आमिर खानचा 'सितारे जमीन पर' आला. तो 2018 च्या एका स्पॅनिश सिनेमावर बेतलेला आहे, आणि त्यात बौद्धिक वाढ वेगळी असलेल्या मुलांची कामं तशाच दहा नवोदित कलाकारांनी केली आहेत. 2006 मध्ये असं काही कोणी मनावर घेतलं नव्हतं. वीस वर्षांत एवढा फरक पडला, हे काही कमी नाही.

"नंतर सांगते"

आता भावाबद्दल. 'ऑल द बेस्ट' बघायला गेलो तेव्हा नाट्यगृह हसून हसून कोसळत होतं. आई, बाबा, काका, सगळे डोळे पुसत होते. भाऊ मधल्या खुर्चीत बसून आमच्या तोंडाकडे बघत होता. त्याने माझा दंड हलवून विचारलं, "काय झालं? काय म्हणाला?" आणि मी म्हणाले, "थांब रे, नंतर सांगते."

रंगमंचावरचा बहिरा माणूस बघून आम्ही हसत होतो, आणि आमच्याच घरातला बहिरा माणूस त्या हसण्याच्या बाहेर बसला होता. हे मला त्या दिवशी जाणवलंसुद्धा नाही. जाणवलं ते बऱ्याच वर्षांनी, इथे आल्यावर. ऑफिसातले सगळे इंग्रजी जोकवर हसत होते, मला कळला नाही म्हणून मी शेजारणीला विचारलं, आणि ती म्हणाली की काही विशेष नाही, नंतर सांगते. तिने नंतर सांगितलं नाही. मीही त्या दिवशी भावाला घरी आल्यावर सांगितलं नव्हतं. नंतर कोणीच सांगत नसतं, मंडळी.

जेवणाच्या टेबलावर, लग्नात, मुंजीत, पत्त्यांच्या डावात आम्ही त्याला किती वेळा "काही नाही रे" म्हणालो असू, याचा हिशेब नाही. त्याच्यावर आमच्या घरात कोणी कधी हसलं नाही. तसं कोणी केलं असतं तर आईने त्याला उभं केलं नसतं. पण आम्ही त्याच्याबरोबरही हसलो नाही. दोन्हींत कमी त्रासदायक काय, हे मला ठरवता येत नाही.

आणि विनोदबुद्धी म्हणाल तर ती आमच्या घरात सगळ्यांत जास्त त्याच्याकडेच आहे. आमच्या एक नात्यातल्या काकू प्रत्येक समारंभात गातात. त्यांनी सूर लावला, की हा सगळ्यांच्या देखत शांतपणे कानातलं मशीन काढून खिशात ठेवतो आणि आमच्याकडे बघून म्हणतो, "तुमचं वाईट वाटतं मला." यात कोण बिचारं, सांगा बघू!

'प्यारे मोहन' दाखवावा का, असं मी त्याला मेसेज करून विचारलं. मला वाटलं होतं, तो म्हणेल दाखवा, किंवा म्हणेल नको. त्याचं उत्तर एका ओळीचं आलं: "ताई, पिक्चर कुठलाही लावा. सबटायटल्स आहेत ना?"

मंडळी, तास दीड तास चाललेल्या आमच्या मीटिंगमध्ये हा प्रश्न एकालाही सुचला नव्हता.

मग ठरलं काय?

कमिटीने मतदान घेतलं आणि 'प्यारे मोहन' बहुमताने पास झाला. काकूंनीही हात वर केला, पण दोन अटी घालून. पहिली, आधी या लेखातल्या गोष्टी सगळ्यांना कळल्या पाहिजेत. दुसरी, पिक्चर संपल्यावर पंधरा-वीस मिनिटं त्यावर मोकळेपणाने बोलायचं. दोन्ही मान्य झाल्या.

पिक्चर फार थोर आहे असा माझा दावा नाही. उत्तरार्ध तर नुसती पळापळ आहे. पण त्या दोघांची एकमेकांवरची भिस्त खरी वाटते, आणि वर सांगितलेले पहिले दोन प्रकार त्यात शेजारी शेजारी बघायला मिळतात. बघताना तुम्हीही माझ्यासारखं करून बघा. हसू आलं की मनात विचारा, मी कोणाला हसले आणि कोणाबरोबर?

पडद्यावर इंग्रजी सबटायटल्स पूर्ण वेळ चालू राहतील. ती "डिस्टर्ब करतात" अशी तक्रार कृपया यंदा कोणी करू नये! पहिल्या दोन रांगा स्थानिक कर्णबधिर क्लबच्या पाहुण्यांसाठी राखून ठेवल्या आहेत, आणि चर्चेच्या वेळी बीएसएल दुभाषी असेल. अंध पाहुण्यांच्या शेजारी एकेक स्वयंसेवक बसून पडद्यावर काय चाललंय ते हळू आवाजात सांगेल. कोणाला या कामाला नाव द्यायचं असेल तर चहाच्या टेबलापाशी भेटा. भारतातसुद्धा मार्च 2024 मध्ये सरकारने चित्रपटगृहांसाठी अशा सोयींचे नियम काढले आहेत. सरकारला जे सुचलं ते आपल्यासारख्या शंभर-दीडशे लोकांच्या मंडळाला जमायला हरकत नाही.

आणि मध्यंतरात बटाटेवडे घेताना शेजारच्या पाहुण्यांशी बोला. तोंडात वडा नसताना, समोर उभं राहून, उजेडात, नेहमीच्या वेगाने. ओरडायची गरज नाही. नाहीच जमलं तर फोनवर टाइप करून दाखवा. फक्त "नंतर सांगते" म्हणू नका.

देणगीबद्दल दोन शब्द. तुमचे पैसे त्या शाळेत श्रवणयंत्रांच्या बॅटऱ्या आणि ब्रेल पुस्तकं यांसाठी जातील. दयेपोटी द्यायचे नसतील तर देऊ नका असं मी म्हणणार नाही, कारण बॅटरीला काय, पैसे कुठल्या भावनेने आले ते कळत नाही! पण वर्गात मास्तरांनी केलेला विनोद त्या मुलांनाही त्याच क्षणी कळावा, नंतर नाही, एवढ्यासाठी ते द्यावेत, अशी माझी इच्छा आहे. या देशात इन्कम टॅक्स भरणाऱ्या सभासदांनी गिफ्ट एडच्या फॉर्मवर सही करायला विसरू नये. तुमच्या प्रत्येक पौंडामागे मंडळाला सरकारकडून आणखी 25 पेन्स मिळतात.

भाऊ यंदा उन्हाळ्यात इकडे येतोय. कार्यक्रमाला तो पहिल्या रांगेत असेल. भेटा त्याला. आणि हो, भेटल्यावर लगेच गाणं म्हणून दाखवू नका. तो मशीन काढून खिशात ठेवेल!

आपली,
मंडळाची एक सभासद